कुरूप पिल्लाची गोष्ट सांगताना मधलं वर्ष गाळू नका

प्रश्न असा आहे: मुलगी आठ वर्षांची, तिसरीत. वर्गात तिला रंगावरून आणि अंगापिंडावरून चिडवतात. अशा मुलीला कुरूप पिल्लाची गोष्ट सांगितली तर तिला धीर येईल का? त्यातून चिवटपणा आणि स्वतःची किंमत ओळखणं कसं शिकवायचं?

गोष्ट जरूर सांगा. पण आपल्या घराघरांत ती जेवढी माहीत आहे, तेवढीच सांगून भागणार नाही. मराठी मुलांना हे पिल्लू भेटतं ते गदिमांच्या ‘एका तळ्यात होती’ या गाण्यातून. गाणं सुंदर आहे आणि लहान मुलांना पुरेसंही आहे. मात्र त्यात पिल्लाला टोचतात, ते एकटं रडतं आणि एके दिवशी पाण्यात पाहून आपण राजहंस आहोत हे त्याला कळतं. रडणं आणि कळणं यांच्यामध्ये मूळ कथेत जवळजवळ एक वर्ष जातं. त्या वर्षात पिल्लू काय करतं, कुठे चुकतं, कोणाच्या मदतीने जगतं, हे गाण्यात बसण्यासारखं नव्हतं. चिवटपणाबद्दल जे काही शिकण्यासारखं आहे, ते सगळं त्या वर्षात आहे.

मूळ कथा हान्स ख्रिश्चन अँडरसनची. ती ११ नोव्हेंबर १८४३ रोजी कोपनहेगनमध्ये प्रसिद्ध झाली. अँडरसन ओडेन्से गावातल्या चांभाराचा मुलगा, आई लोकांचे कपडे धुणारी. १८१९ मध्ये, चौदाव्या वर्षी, तो एकटाच कोपनहेगनला गेला. गाणं, नाच, नाटक, सगळीकडे हात मारून पाहिला आणि बहुतेक ठिकाणी नकार मिळाला. पुढे त्याला शाळेत घातलं ते त्याच्यापेक्षा बऱ्याच लहान मुलांच्या वर्गात, आणि तिथले मुख्याध्यापक त्याला सगळ्यांसमोर हिणवत. हा तपशील मुलीला सांगायची गरज नाही. तुम्हाला माहीत असू द्या, कारण कथेतले टोमणे इतके नेमके का आहेत ते त्यावरून कळतं.

सांगण्याआधी कथेचा रस्ता नीट डोक्यात बसवा. एकूण नऊ मुक्काम आहेत: जुन्या वाड्याभोवतीचा खंदक, बदकांचं अंगण, रानबदकांची दलदल, म्हातारीचं खोपट, शरद ऋतूतलं तळं, गोठलेलं पाणी, शेतकऱ्याचं घर, लव्हाळी आणि शेवटी फुललेली बाग. एका मोठ्या कागदावर हे नऊ मुक्काम वाटेसारखे काढून ठेवा. तिसरीतल्या मुलीला ही गोष्ट दोन बैठकांत सांगावी, एकेक बैठक वीस मिनिटांच्या आत. पहिली बैठक खोपटातून पिल्लू बाहेर पडतं तिथे थांबवा. दलदलीत शिकारीपाशी थांबवू नका. तिथे थांबलं तर मूल भीती घेऊन झोपायला जातं.

सुरुवातीलाच एक बारीक जागा आहे. बाकीची अंडी फुटतात, सगळ्यात मोठं अंडं तसंच राहतं. भेटायला आलेली म्हातारी बदकीण म्हणते, हे टर्कीचं असणार, सोडून दे. आई म्हणते, इतके दिवस बसले, आणखी थोडं बसते. मुलं इथे हमखास विचारतात की उशीर का झाला. खरं उत्तर द्या: पाळीव बदकाचं अंडं साधारण २८ दिवसांत फुटतं, हंसाच्या अंड्याला पाच आठवडे किंवा थोडे जास्त लागतात. पिल्लाला उशीर झालाच नव्हता, ते आपल्या वेळेवर आलं होतं. ज्या मुलाला ‘अजून वाचता येत नाही’, ‘अजून सायकल जमत नाही’ असं ऐकावं लागतं, त्याला हा आकडा कुठल्याही उपदेशापेक्षा जास्त उपयोगी पडतो.

दुसऱ्या दिवशी आई सगळ्यांना पाण्यावर नेते. पिल्लू टर्कीचं असेल तर पाण्याला घाबरेल, ही तिची परीक्षा. पिल्लू सरळ पोहायला लागतं. आई त्याचे पाय कसे हलतात, मान किती ताठ आहे ते पाहते आणि म्हणते, हे माझंच आहे, आणि नीट पाहिलं तर तसं देखणंही आहे. स्वतःच्या किमतीची गोष्ट इथे सुरू होते, शेवटच्या प्रतिबिंबापाशी नाही. पिल्लाची पहिली पारख झाली ती त्याला काय येतं यावरून, आणि ते त्याला पहिल्या दिवसापासून येत होतं. पुढच्या साऱ्या कथेत पोहणं हाच धागा धरून ठेवा. खोपटात पिल्लू तळमळतं ते पाण्यासाठी. बर्फात ते टिकतं पाय मारून. बागेत ते हंसांकडे जातं पोहत. वाटेच्या कागदावर जिथे जिथे पाणी आहे तिथे मुलीला निळा ठिपका द्यायला सांगा. मग विचारा, ‘निळ्या ठिपक्यांवर पिल्लू कसं असतं?’ आणि थांबा. उत्तर तुम्ही देऊ नका.

अंगणातला प्रसंग मुलं पटकन ओळखतात, कारण तो शाळेच्या मधल्या सुट्टीसारखाच आहे. पायाला लाल चिंधी बांधलेली म्हातारी बदकीण सगळ्यांत मानाची. वाम माशाच्या डोक्यावरून दोन कुटुंबं भांडतात आणि ते डोकं मांजर पळवतं. एक बदक उठून पिल्लाच्या मानेला चावतं. कारण विचारलं तर म्हणतं, ते मोठं आणि वेगळं आहे म्हणून. इथे पिल्लाने काय चूक केली, हे मुलीला शोधू द्या. तिला काही सापडणार नाही. न सापडणं हेच महत्त्वाचं, कारण चिडवलं जाणारं मूल रात्रभर आपली चूकच शोधत असतं.

आई आधी त्याची बाजू घेते. दिवस जातात, छळ वाढतो, भावंडं म्हणतात तुला मांजराने नेलं तर बरं, दाणे टाकणारी मोलकरीण लाथ मारते, आणि शेवटी आईसुद्धा म्हणते की तू दूर कुठेतरी गेलास तर बरं होईल. हे वाक्य बरेच पालक गाळतात. आठ वर्षांच्या मुलीसमोर ते गाळू नका, पण तिथे घाई करू नका. ‘आई असं का म्हणाली असेल?’ एवढं विचारा. ‘तिला कंटाळा आला’, ‘तिलाही सगळे बोलत असतील’ अशी उत्तरं येतात आणि ती बरोबर असतात. मूल दत्तक असेल, किंवा आईवडिलांपैकी एकजण घरात नसेल, तर मात्र ही जागा आणि ‘खरं कुटुंब शेवटी सापडलं’ हा शेवट, दोन्ही जपून सांगावे लागतात. अशा घरी आई सुरुवातीला अंड्यावर जादा दिवस बसली, यावर जास्त वेळ द्या.

आता कथेतला सगळ्यात मोलाचा भाग. पिल्लू कुंपणावरून उडून पळतं. झुडपातले छोटे पक्षी दचकून उडतात. पिल्लू डोळे मिटतं आणि मनात म्हणतं, मी इतकं कुरूप आहे म्हणून ते उडाले. पुढे दलदलीत दोन तरुण कलहंस (रानटी ‘गूस’ पक्षी, हंस नव्हेत) त्याच्याशी मैत्री करू पाहतात, तेवढ्यात बंदुकीचे बार होतात आणि दोघे मरून पडतात. शिकारी कुत्रा पिल्लाच्या तोंडाशी येतो, दात दाखवतो आणि त्याला न शिवता निघून जातो. पिल्लू म्हणतं, मी इतकं कुरूप की कुत्रासुद्धा मला चावत नाही.

दोन्ही वेळा पिल्लाचं अनुमान चुकीचं आहे. पक्षी उडाले कारण अचानक काहीतरी अंगावर आलं. शिकारी कुत्र्याला पडलेले पक्षी आणायला शिकवलेलं असतं. जिवंत पिल्लू त्याच्या कामाचं नसावं. अंगणात लोकांनी जे म्हटलं, ते पिल्लू आता स्वतःच म्हणू लागलं आहे, आणि जगातल्या प्रत्येक घटनेचं कारण म्हणून तेच वापरतं आहे. चिडवणं थांबल्यावरही आत उरतं ते हेच. मैत्रिणीने हाक ऐकली नाही तर ‘मी आवडत नाही म्हणून’, बाईंनी उत्तर विचारलं नाही तर ‘मला येत नाही असं वाटतं म्हणून’.

यावर करायचा सराव सोपा आहे. वहीत तीन रकाने आखा: काय झालं, पिल्लाला काय वाटलं, आणखी काय असू शकतं. पक्ष्यांचा आणि कुत्र्याचा प्रसंग आधी एकत्र भरा. तिसऱ्या रकान्यात किमान दोन शक्यता हव्यात. एकच लिहिली तर ती ‘बरोबर उत्तर’ होऊन बसते. शेतकऱ्याच्या घरातला प्रसंग दुसऱ्या बैठकीत तिला एकटीला भरू द्या. आठवडाभराने, तिची इच्छा असेल तर, तिच्या शाळेतला एक प्रसंग भरा. पहिल्याच दिवशी तिच्यावर येऊ नका. पिल्लाबद्दल बोलणं सुरक्षित असतं म्हणून मूल बोलतं. ‘आता तुझं सांग’ म्हटलं की वही मिटते. आणि एक गोष्ट लक्षात ठेवा: कधीकधी तिसरा रकाना भरून झाल्यावरही दुसरा रकानाच खरा निघतो. बदक खरोखर चावलं होतं. तिथे ‘तुला उगाच वाटतं’ असं म्हणणं म्हणजे मुलीला खोटं पाडणं.

म्हातारीचं खोपट हा दुसरा मोठा मुक्काम, आणि माझ्या मते गोष्ट सांगणारे याच्यावर सर्वांत मोठा अन्याय करतात. खोपट इतकं मोडकं की कोणत्या बाजूला पडावं हेच त्याला ठरवता येत नाही. आत म्हातारी, तिचं मांजर आणि कोंबडी. म्हातारीला नीट दिसत नाही. ती पिल्लाला धष्टपुष्ट बदकीण समजते आणि अंडी मिळतील म्हणून तीन आठवडे ठेवून घेते. कोंबडी विचारते, अंडी घालता येतात का? मांजर विचारतं, पाठीची कमान करता येते का, अंगातून ठिणग्या पाडता येतात का? नाही ना, मग गप्प बस. पिल्लू म्हणतं, मला पाण्यावर पोहावंसं वाटतं. कोंबडी म्हणते, तुला काही काम नाही म्हणून असलं सुचतं.

इथे कोणी मारत नाही, चावत नाही. ऊब आहे, खायला आहे. तरीही पिल्लू म्हणतं, तुम्हाला माझं कळत नाही, मी बाहेर जातो. अंगणातून ते पळालं होतं. इथून ते ठरवून निघतं. हा फरक मुलीच्या लक्षात आणून द्या, कारण स्वतःच्या किमतीची पहिली कृती हीच आहे. कोंबडी वाईट नाही हेही सांगा. ती आपल्याकडे असलेल्या मापाने मोजते, आणि त्या मापात पोहणं नाही. घरात हेच माप आपण कसं लावतो ते तपासायलाही ही जागा बरी. गुण आणि वळणदार अक्षर एवढंच मोजणाऱ्या घरात चांगली नक्कल करणारी मुलगी काय करत असेल?

शरदात पिल्लू पहिल्यांदा हंस उडताना पाहतं. त्यांचं नाव त्याला माहीत नाही, तरी ते त्याला फार आवडतात. त्याला मत्सर वाटत नाही. बदकांनी नुसतं जवळ राहू दिलं तरी त्याला चाललं असतं. हे लवकर उरका आणि थंडीकडे या.

पाणी गोठू नये म्हणून पिल्लू सतत पाय मारत राहतं. रोज रात्री मोकळं पाणी लहान होत जातं. शेवटी ते थकतं आणि बर्फात अडकून पडतं. चिवटपणा शिकवताना आपण नेमके इथे चुकतो: ‘बघ, त्याने हार मानली नाही.’ त्याची ताकद संपली होती. सकाळी एक शेतकरी येतो, लाकडी बुटाने बर्फ फोडतो, त्याला घरी नेतो, आणि म्हणून ते जगतं. पाय मारले नसते तर सकाळपर्यंत तगलं नसतं. शेतकरी आला नसता तर पाय मारून उपयोग झाला नसता. दोन्ही वाक्यं एकत्रच सांगा. फक्त पहिलं सांगितलं तर मूल मदत मागायला लाजतं. मग कागदावर परत जाऊन मदत करणारे मोजा: जादा बसलेली आई, ते दोन कलहंस, शेतकरी. मुलीला तिची अशी तीन नावं लिहू द्या, त्यात शाळेतलं निदान एक माणूस असावं. एकही नाव आलं नाही, तर ते शोधणं हे आता तुमचं काम.

शेतकऱ्याच्या घरी मुलांना त्याच्याशी खेळायचं असतं. पिल्लाला वाटतं ती मारणार. ते घाबरून दुधाच्या पातेल्यात पडतं, मग लोण्याच्या काठवटीत, मग पिठाच्या पिंपात. शेतकरीण चिमटा घेऊन धावते, मुलं हसतात, पिल्लू ताज्या बर्फातल्या झुडपात पळतं. मुलं या प्रसंगाला खूप हसतात. हसू द्या, मग तीन रकाने काढा. छळ सोसलेल्याला खरा खेळही हल्ला वाटतो, आणि त्यात मिळालेली ऊबही हातची जाते. चिडवली जाणारी मुलगी कधीकधी चांगल्या मैत्रिणीवर का खेकसते, याचं उत्तर इथे आहे.

वसंतात ते बागेत तीन हंस पाहतं आणि त्यांच्याकडे जायचं ठरवतं. त्या वेळी ते काय म्हणतं ते नीट वाचा: हे मला मारून टाकतील, पण बदकांकडून टोचून घेण्यापेक्षा ते बरं. हे निराशेचं वाक्य आहे. आठ वर्षांच्या मुलीला ‘त्याला फार भीती वाटत होती, तरी ते गेलं’ एवढं पुरे. अकरा-बारा वर्षांच्या मुलांसमोर मूळ वाक्य ठेवता येतं. तुमची मुलगी स्वतःबद्दल ‘मी नसते तर बरं’ असं काही बोलत असेल, तर गोष्ट बाजूला ठेवा आणि त्याच आठवड्यात समुपदेशकाकडे जा. टेली-मानस ही मानसिक आरोग्याची सरकारी हेल्पलाइन १४४१६ आणि मुलांसाठीची हेल्पलाइन १०९८ हे दोन्ही फोन विनामूल्य आहेत.

क्रमही महत्त्वाचा आहे. पिल्लू आधी हंसांकडे जातं, मग मान खाली घालतं आणि तेव्हा त्याला प्रतिबिंब दिसतं. आपण हंस आहोत हे कळायच्या आधी ते पुढे झालं होतं. अभिनय करून सांगत असाल तर या दोन गोष्टींमध्ये स्पष्ट थांबा घ्या.

शेवट सांगताना दोन खड्डे आहेत. पहिला रंगाचा. करडं पिल्लू पांढराशुभ्र हंस होतं, आणि ज्या मुलीला रंगावरून चिडवतात तिला यातून ‘गोरी झाले की सगळं ठीक’ एवढंच ऐकू येतं. म्हणून शेवटी पांढरेपणाचं वर्णन करू नका. लांब मान, रुंद पंख, पाण्यावरचा डौल, यावर बोला. हेही खरं सांगा की हंसाची पिल्लं पहिल्या हिवाळ्यात करडी-तपकिरीच असतात आणि पूर्ण पांढरी व्हायला त्यानंतरही बराच काळ लागतो; करड्या पंखांनीसुद्धा हंस हंसच असतो. चित्रांचं पुस्तक वापरत असाल तर शेवटचं पान आधी तपासा.

दुसरा खड्डा जन्माचा. कथेत एक वाक्य आहे की हंसाच्या अंड्यातून आलेल्याला बदकांच्या अंगणात जन्मल्याने काही बिघडत नाही. ते तसंच सोडलं तर अर्थ निघतो की तू मुळातच वरच्या जातकुळीची, बाकीचे साधे बदक. आपल्या समाजात हा अर्थ फार लवकर रुजतो. थेट विचारा: ‘ते खरंच बदक असतं, जरा मोठं आणि वेगळं, तर त्याला टोचणं चाललं असतं का?’ या प्रश्नावर मुलं दहा-दहा मिनिटं भांडतात. भांडू द्या.

वर्गात सांगायची असेल तर ‘आपल्या वर्गातलं कुरूप पिल्लू कोण?’ असा प्रश्न किंवा त्या दिशेचा इशाराही चालणार नाही. मधल्या सुट्टीपर्यंत ते कोणाचं तरी नाव झालेलं असतं. नाटक बसवत असाल तर चिडवल्या जाणाऱ्या मुलाला पिल्लाची भूमिका देऊ नका. त्याला शेतकरी करा. घरी सांगतानाही, मुलगी रडत आली त्याच संध्याकाळी ही गोष्ट काढू नका. त्या दिवशी फक्त ऐका; गोष्ट दोन-चार दिवसांनी.

आणि गोष्टीने चिडवणं थांबणार नाही. कथेतल्या अंगणाला कोणीच सुधारत नाही. दाणे टाकणारं मोठं माणूसच तिथे लाथ मारतं. ‘सहन कर, एक दिवस हंस होशील’ असं सांगणं म्हणजे ते अंगण तसंच चालू देणं. वर्गशिक्षकांना भेटा. कोण, कधी, कुठे, काय बोललं, हे तारखेसह लिहून न्या. बसण्याची जागा, मधली सुट्टी आणि बसमधला वेळ या तीन गोष्टींबद्दल नेमकं काय करणार ते विचारा, आणि दोन आठवड्यांनी पुन्हा जा.

गोष्ट संपल्यावर एक प्रश्न बहुतेक मुलं विचारतात: आईचं काय झालं? अँडरसनने ते लिहिलेलं नाही. हंस झालेल्या पिल्लाकडून आईला पत्र लिहायला सांगा, पाच-सहा ओळी. काही मुलं रागाने लिहितात, काही बोलावतात, काही नुसतं ‘मी पोहतो आहे’ एवढंच कळवतात. यातलं कुठलंच दुरुस्त करू नका. तुम्हालाही एक पत्र लिहायचं आहे, आईकडून पिल्लाला, आणि ते तिच्या पत्राशेजारी ठेवायचं आहे.